व्हिक्टर ह्यूगो : करुणा की फिर्याद?

मराठी वाचकाच्या मनात व्हिक्टर ह्यूगोची जी मूर्ती ठसली आहे, ती एका कनवाळू ग्रंथकाराची आहे. भुकेल्यासाठी, पतितेसाठी, अनाथ पोरीसाठी ज्याचे अंतःकरण तुटते आणि जो वाचकाच्या डोळ्यांतून पाणी काढल्यावाचून राहात नाही, असा हा फ्रेंच लेखक, अशी आपली समजूत आहे. ही समजूत खोटी नाही. परंतु ती अपुरी आहे, आणि अपुरी समजूत पुष्कळदा खोटीपेक्षा अधिक दिशाभूल करते. ह्यूगोने पन्नासांहून अधिक वर्षे जे लिहिले त्याचा गाभा करुणा नसून फिर्याद हा आहे. त्याच्या फिर्यादीतील आरोपी कोणी दुष्ट मनुष्य नव्हे. प्रत्यक्ष कायदा हाच त्याचा आरोपी आहे. ही फिर्याद आपण दाखल करून घेतली नाही, तिच्यासोबत जोडलेले अश्रू तेवढे ठेवून घेतले, असे माझे मत आहे; आणि ह्या लेखात त्याचीच कारणे द्यावयाची आहेत.

मराठीत ह्यूगो आला तो दोन वाटांनी. हरि नारायण आपटे यांनी त्याच्या 'हेर्नानी' नाटकावरून 'जयध्वज' रचले. मोलिएरची प्रहसने मराठीत आणणाऱ्या हरिभाऊंना त्याच देशातील गंभीर नाटकही खुणावीत होते, हे त्यांच्या रसिकतेचे लक्षण होय. दुसरी वाट साने गुरुजींची. 'ले मिझेराब्ल' ह्या महाकादंबरीच्या आधारे त्यांनी 'दुःखी' लिहिली. स्वतः तुरुंगवास भोगलेल्या गुरुजींना कैदी नायकाची कथा जवळची वाटावी, यात नवल नाही. तथापि गुरुजींची प्रकृती आईच्या मायेची होती. त्यामुळे पिढ्यान् पिढ्या मराठी मुलांनी ती कथा वाचली, तीत त्यांना दया दिसली, क्षमा दिसली. न्यायासनासमोर उभा राहून जाब विचारणारा ह्यूगो मात्र मागेच राहिला.

हा जाब विचारणारा कोण होता, हे पाहण्यासाठी त्याच्या चरित्राकडे वळावे लागते. २६ फेब्रुवारी १८०२ रोजी बझाँसाँ येथे त्याचा जन्म झाला. बाप नेपोलियनच्या सैन्यातील सेनापती, आई राजनिष्ठ. अशा दुभंगलेल्या घरात वाढलेला हा मुलगा तारुण्यात राजाचा भाट होता आणि म्हातारपणी प्रजासत्ताकाचा कैवारी झाला. १८४५ मध्ये तो सरदारांच्या सभेत बसला. १८४८ च्या क्रांतीनंतर लोकप्रतिनिधी झाला. डिसेंबर १८५१ मध्ये लुई नेपोलियनने सत्ता बळकावताच त्याला देश सोडावा लागला. ब्रसेल्स, जर्सी, ग्वेर्नसी असा जवळजवळ एकोणीस वर्षांचा वनवास त्याने भोगला आणि १८७० मध्ये साम्राज्य कोसळल्यावरच तो पॅरिसला परतला. २२ मे १८८५ रोजी तो वारला, तेव्हा त्याच्या अंत्ययात्रेस लक्षावधी माणसे लोटली. मते बदलणाऱ्या माणसाकडे आपण संशयाने पाहतो. परंतु ह्यूगोची राजकीय मते कितीही बदलली तरी एक मत विशीच्या अखेरीपासून मृत्यूपर्यंत तसूभरही ढळले नाही : राज्याला माणसाचा जीव घेण्याचा अधिकार नाही.

नाटककार ह्यूगोविषयी प्रथम थोडे सांगितले पाहिजे. १८२७ मध्ये 'क्रॉमवेल' नाटकाच्या प्रस्तावनेत त्याने जुन्या नाट्यनियमांविरुद्ध बंड पुकारले आणि २५ फेब्रुवारी १८३० रोजी 'हेर्नानी'चा पहिला प्रयोग झाला, तेव्हा प्रेक्षागृहात जुन्या व नव्या पक्षांची अक्षरशः झुंज जुंपली. आज ते नाटक वाचताना त्या झुंजीचे थोडे हसू येते. प्रवेशांची योजना कृत्रिम आहे आणि भाषणे लांबलचक आहेत. परंतु त्याच्या कथेचे मर्म पाहावे. हेर्नानीने वृद्ध दोन रुई गोमेझ यास आपले शिंग देऊन वचन दिलेले असते की, हे ज्या क्षणी वाजेल त्या क्षणी माझा प्राण तुझा. राजाने क्षमा केली, गेलेले वैभव परत मिळाले, लग्न झाले. आणि लग्नाच्याच रात्री ते शिंग वाजते. वधू आणि वर दोघेही विष घेतात. हरिश्चंद्राच्या देशात वचनासाठी सर्वस्व गमावणारा नायक नवा नव्हे. पण आपल्या कथेत अखेरीस देव येऊन सर्व काही परत देतो. ह्यूगोच्या नाटकात कोणीही येत नाही. अक्षरशः पाळलेला करार माणसांना गिळून मोकळा होतो. शब्द आणि न्याय ह्या दोन निराळ्या वस्तू आहेत, हे ह्यूगोला रंगभूमीवरच प्रथम दिसले असे म्हणावयास हरकत नाही.

त्याचे 'राजाची करमणूक' ह्या अर्थाच्या नावाचे नाटक नोव्हेंबर १८३२ मध्ये एकाच प्रयोगानंतर सरकारने बंद पाडले. ह्याच नाटकावरून पुढे १८५१ मध्ये व्हेर्दीने 'रिगोलेत्तो' हे संगीत नाटक रचले. आपल्याकडे खाडिलकरांच्या 'कीचकवधा'वर १९१० मध्ये बंदी आली, ह्या घटनेशी त्याची तुलना सहज सुचते. ह्यूगोने मात्र बंदी निमूटपणे सोसली नाही. त्याने करारभंगाबद्दल नाट्यगृहाला व्यापारी न्यायालयात खेचले आणि तेथे स्वतः भाषण केले. दाव्यात यश आले नाही. परंतु न्यायालयाची पायरी ही त्याच्या दृष्टीने लज्जेची जागा नसून व्यासपीठ होते, हे तेव्हापासून ठरले. १८५१ मध्ये त्याचा मुलगा शार्ल याने एका फाशीवर टीका करणारा लेख लिहिला म्हणून त्याच्यावर खटला भरण्यात आला. त्या खटल्यात बापानेच मुलाचा बचाव केला, आणि ही शिकवण माझी आहे, गुन्हा असेल तर तो माझा आहे, अशा अर्थाची भूमिका घेतली. मुलाला सहा महिन्यांची शिक्षा झाली.

आता त्याच्या कथात्मक लेखनाकडे येऊ. १८२९ मध्ये लेखकाच्या नावावाचून एक लहानसे पुस्तक निघाले : 'एका मृत्युदंडिताचा अखेरचा दिवस'. शिक्षा ऐकलेला मनुष्य गिलोटिनपर्यंतचे आपले दिवस टिपून ठेवतो, एवढीच कथा. पण ह्या माणसाचे नाव आपल्याला कळत नाही आणि त्याने केलेला गुन्हाही पुरता कळत नाही. सामान्य लेखकाने येथे एखादा निरपराध नायक घेतला असता. मग वाचक म्हणाला असता, ह्या बिचाऱ्यावर अन्याय झाला. ह्यूगोने ती पळवाट मुद्दाम बंद केली. हा अपराधी आहे. कसला अपराधी ते विचारू नका. आता सांगा, ह्याला मारावे काय? वकिलीच्या भाषेत बोलावयाचे तर वस्तुस्थितीचे सर्व मुद्दे मान्य करून त्याने केवळ कायद्याचा मुद्दा उरविला. वाङ्मयीन युक्ती आणि कायद्याचा युक्तिवाद इतके एकजीव झालेले दुसरे उदाहरण मला ठाऊक नाही.

१८३४ मधील 'क्लोद ग' ही कथा खऱ्या प्रकरणावर उभी आहे. क्लेर्व्होच्या तुरुंगातील एक भुकेला कैदी, त्याला आपल्या वाट्याची भाकर देणारा मित्र, त्या मित्राला कारण न सांगता दूर करणारा अधिकारी, आणि अखेर त्या अधिकाऱ्याचा खून. कैद्याला मृत्युदंड झाला. का, हा प्रश्न तो कैदी अधिकाऱ्याला पुन्हा पुन्हा विचारतो, आणि उत्तर मिळत नाही. आपल्या भारतीय दंडसंहितेच्या ३०३ व्या कलमात जन्मठेपेच्या कैद्याने खून केल्यास फाशीवाचून दुसरी शिक्षाच नव्हती. का, हे विचारण्याची मुभा न्यायाधीशालाही नव्हती. सर्वोच्च न्यायालयाने १९८३ मध्ये मिठू विरुद्ध पंजाब राज्य ह्या निकालात ते कलम घटनाबाह्य ठरविले. ह्यूगोच्या कथेतील तो प्रश्न आपल्या न्यायासनापर्यंत पोहोचण्यास दीडशे वर्षे लागली.

१८६२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या 'ले मिझेराब्ल'ची कथा सर्वश्रुत आहे. बहिणीच्या सात भुकेल्या मुलांसाठी झाँ व्हालझाँ रात्री पाववाल्याच्या दुकानाची काच फोडून एक पाव उचलतो. त्याबद्दल पाच वर्षे, आणि पळून जाण्याच्या प्रयत्नांबद्दल चौदा, अशी एकोणीस वर्षे तो सक्तमजुरी भोगतो. एका पावासाठी एकोणीस वर्षे! हे फ्रान्समध्येच घडू शकते, असे म्हणून वाचक सुस्कारा टाकतो. परंतु तो खटला आपल्या कायद्याच्या ताजव्यात घालून पाहावा. गृह-अतिक्रमणासाठी शरीराचा कोणताही भाग आत गेला तरी पुरे, असे आपला कायदा सांगतो. म्हणजे फुटक्या काचेतून घातलेला हात पुरेसा आहे. सूर्यास्तानंतरची घरफोडी, आणि तीही चोरीच्या उद्देशाने, म्हटल्यावर दंडसंहितेच्या ४५७ व्या कलमाखाली कमाल शिक्षा चौदा वर्षे होती. १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय न्याय संहितेतही ती तरतूद कायम आहे. त्याच नव्या संहितेत पाच हजार रुपयांहून कमी किमतीची चोरी प्रथमच करणाऱ्याने मालाची किंमत परत केल्यास त्याला सामुदायिक सेवेची शिक्षा सांगितली आहे. म्हणजे दारावर ठेवलेला पाव उचलला तर सामुदायिक सेवा, आणि काचेआडचा उचलला तर चौदा वर्षांपर्यंतची टांगती तलवार. न्यायाधीश इतकी शिक्षा देणार नाही हे खरे. पण न देणे ही त्याची दया झाली. ह्यूगोची तक्रार नेमकी हीच आहे की, जे कायद्यात असावयास पाहिजे ते न्यायाधीशाच्या दयेवर सोडलेले असते.

ह्या ठिकाणी बीदरच्या वाचकाला दामाजीपंतांची आठवण झाल्यावाचून राहणार नाही. मंगळवेढ्याच्या ह्या अंमलदाराने दुष्काळात सरकारी कोठारे लुटविली, बेदरच्या बादशहाचे बोलावणे आले, आणि पंढरीचा विठ्ठल विठू महार होऊन धान्याची रक्कम दरबारात भरून गेला. महीपतीने 'भक्तविजया'त ही कथा सांगितली असून आमच्या मुलखात ती कीर्तनाकीर्तनांतून घरोघर पोहोचली आहे. आता ह्यूगोचा बिशप मिरिएल पाहावा. व्हालझाँने चोरलेले चांदीचे काटे-चमचे मी त्याला दिलेच होते, असे तो पोलिसांना सांगतो आणि वर चांदीच्या समया त्याच्या हाती ठेवतो. विठू महार आणि बिशप मिरिएल एकाच कुळातील आहेत : दोघेही दुसऱ्याचे देणे फेडून त्याला दंडातून सोडवितात. म्हणूनच मराठी मनाला हा प्रसंग परका वाटला नाही, किंबहुना तो आपलाच वाटला. पण दामाजीपंतांची कथा पावती मिळाल्यावर संपते. रक्कम भरली गेली, बादशहा संतुष्ट झाला, भक्त सुटला. भुकेल्यांना धान्य देणे हा अपराध कसा ठरला, हा प्रश्न त्या कथेत कोणीही विचारीत नाही. देवसुद्धा वसुली पुरी करूनच जातो. ह्यूगोची कथा पावतीपाशी सुरू होते. बिशपने सोडविले तरी पिवळा परवाना सुटत नाही; व्हालझाँ सज्जन झाला तरी जाव्हेर सुटत नाही. एकट्याचे पुण्य व्यवस्थेच्या पापाला पुरे पडत नाही, हे ह्यूगोचे सांगणे. आणि आपण कादंबरीतला दामाजीपंत तेवढा उचलला.

कादंबरीतील सर्वश्रेष्ठ भाग माझ्या मते आरास येथील खटला हा होय. शाँमातिय नावाचा एक अडाणी म्हातारा सफरचंदाच्या फांदीपायी पकडला जातो, आणि हाच पळालेला कैदी व्हालझाँ असे जाव्हेर व तीन जुने कैदी छातीठोकपणे ओळखतात. कोणीही लबाडी करीत नाही. सर्व प्रामाणिकपणे चुकतात. साक्षीपुराव्याच्या व्यवहारात वावरणाऱ्याला ठाऊक असते की, लबाड साक्षीदार उलटतपासणीत फुटतो, पण प्रामाणिकपणे चुकणारा साक्षीदार अभंग राहतो. तो म्हातारा बिचारा आपल्यावर काय चालले आहे हेही नीट समजू शकत नाही. बीदर-कलबुर्गीच्या ह्या टापूत त्या म्हाताऱ्याचा चेहरा ओळखीचा वाटावा. निजामाच्या अमलात येथील न्यायालयांची भाषा उर्दू होती. १ नोव्हेंबर १९५६ रोजी बीदर जिल्ह्याची तीन राज्यांत वाटणी झाली, उदगीर, निलंगा, अहमदपूर एका बाजूस गेले, बीदर, भालकी, औराद, हुमनाबाद, बसवकल्याण दुसऱ्या बाजूस राहिले, आणि येथील कागद कन्नड व इंग्रजीत चालू लागले. भालकी-औरादच्या मराठी शेतकऱ्याने दोन्ही काळांत आपले प्रकरण दुसऱ्याच्या तोंडून ऐकले. यात एका भाषेचा दोष नाही. ज्याच्यावर खटला चालतो त्याला खटला कळला पाहिजे, ही ह्यूगोची साधी मागणी कोणत्याही राज्यात सहजासहजी पुरी होत नाही, एवढेच.

त्या खटल्यात व्हालझाँ स्वतः उठून आपली ओळख देतो, म्हणून म्हातारा सुटतो. पण असा मनुष्य प्रत्येक न्यायालयात उठत नाही. बीदरमध्ये महमूद गावानने १४७२ मध्ये उभारलेला मदरसा आजही आपल्या एकुलत्या मिनारासह उभा आहे. त्याच महमूद गावानला १४८१ मध्ये त्याच्या मुद्रेच्या बनावट पत्रावरून बहमनी सुलतानाने ठार केले. मुद्रा खरी होती, मजकूर खोटा होता. चौकशी झाली नाही. सत्य कळल्यावर सुलतानाला पश्चात्ताप झाला आणि वर्षभरात तोही गेला. पाठोपाठ राज्याचे तुकडे झाले. तुरुंगातील निरपराध्याला दार उघडून सोडता येते. महमूद गावानला सोडावयास दारच उरले नव्हते. फाशीविरुद्ध ह्यूगोने दिलेल्या कारणांत हे एक कारण असे आहे की, त्याला उत्तर मला अद्याप सापडलेले नाही.

गोव्याच्या वाचकांना ह्या प्रकरणात आणखी एक दुवा जवळचा आहे. १८६७ मध्ये पोर्तुगालने मुलकी गुन्ह्यांसाठी मृत्युदंड रद्द केला, तेव्हा वनवासातील ह्यूगोने पत्र लिहून त्या लहान देशाचे अभिनंदन केले होते. १८७० मध्ये हा नियम सागरापलीकडील प्रांतांनाही लागू झाला. त्या काळचा गोमंतकीय सुशिक्षित फ्रेंच वाङ्मयाशी परिचित होता. 'ओस ब्राह्मनेस' ही कादंबरी १८६६ मध्ये लिहिणारे फ्रान्सिस्कु लुईश गोमिश हे त्याचे ठळक उदाहरण. पारतंत्र्याच्या त्या राज्यात इतर पुष्कळ अन्याय होते, आणि त्यांची भलामण येथे करावयाची नाही. पण मुक्तीनंतर भारतीय दंडसंहिता तेथे लागू झाली, आणि ग्रंथातून गेलेली फाशी ग्रंथात परत आली, ही वस्तुस्थिती आपण क्वचितच बोलून दाखवितो. सर्वोच्च न्यायालयाने १९८० मध्ये बच्चनसिंग प्रकरणात 'विरळातील विरळ' गुन्ह्यापुरती फाशी वैध ठरविली. न्यायमूर्ती भगवती यांनी भिन्न मत नोंदविले, आणि ही शिक्षा प्रामुख्याने गरिबांच्याच वाट्यास येते असे दाखवून दिले. ह्यूगोच्या स्वतःच्या देशात १९८१ साली मृत्युदंड रद्द झाला, त्याच्या मृत्यूनंतर ९६ वर्षांनी.

एवढे सांगितल्यावर त्याचे दोषही स्पष्ट सांगणे प्राप्त आहे, नाही तर ही समीक्षा न राहता वकिलपत्र होईल. ह्यूगो पाल्हाळिक आहे. वॉटर्लूची लढाई आणि पॅरिसची गटारे यांवर तो कथा थांबवून प्रकरणेच्या प्रकरणे लिहितो. योगायोगाचा त्याला मोह आहे. एवढ्या मोठ्या पॅरिसमध्ये त्याची माणसे पुन्हा पुन्हा एकाच वळणावर भेटतात. त्याच्या स्त्रिया बहुधा सोसण्यासाठी किंवा पूजेसाठी निर्माण झालेल्या. फाँतीनचे दुःख आपल्याला दिसते, तिची बुद्धी दिसत नाही. याहून गंभीर दोष दृष्टीचा आहे. १८६१ मध्ये पेकिंगचा राजवाडा लुटणाऱ्या इंग्रज-फ्रेंच सैन्यांना त्याने दरोडेखोर ठरविले; त्याच माणसाने १८७९ मध्ये आफ्रिका ही युरोपने वसवावयाची रिकामी भूमी आहे अशा थाटाचे भाषण केले. घरातील कैद्याची बेडी त्याला दिसली, घराबाहेरील देशांची पुरती दिसली नाही. पारतंत्र्य भोगलेल्या वाचकाने हे विसरू नये.

तरीही त्याची फिर्याद दोषांनी बाद होत नाही. कारण फिर्याद फिर्यादीच्या चारित्र्यावर नव्हे, पुराव्यावर उभी असते, आणि हा पुरावा आपल्या आसपास रोज दाखल होत आहे. 'एका मृत्युदंडिताचा अखेरचा दिवस' हे शंभर-दीडशे पानांचे पुस्तक आहे. कलबुर्गीस २०१३ पासून उच्च न्यायालयाचे कायम पीठ आहे, तेथे येणाऱ्या तरुण वकिलांनी ते एका बैठकीत वाचून संपवावे. मराठीत आणि कोंकणीत ते मूळ फ्रेंचवरून, काटछाट न करता उतरावे; आणि उतरविणाऱ्याने एवढेच पथ्य पाळावे की, त्या नावावाचूनच्या माणसाला निरपराध करू नये. त्याच्यासाठी रडणे सोपे आहे. तो अपराधी आहे हे मान्य करून त्याचे म्हणणे शेवटच्या ओळीपर्यंत ऐकून घेणे, हे ह्यूगोने वाचकावर सोपविलेले काम आहे.